एक मीटर अंतरावर

रात्री अकराला तळोज्यात वेल्डर घरी जातात
तेव्हा आमचं काम सुरू होतं.
पाइपाभोवती पिवळी दोरी, लाल दिवा, एक शिटी.
मी क्रँक फिरवतो,
आणि इरिडियमचा दाणा, तांदळाच्या कणीएवढा,
नळीतून पुढे सरकतो.
वास नाही. आवाज नाही. ऊब नाही.
मीटर तेवढा दात वाजवतो.

फिल्म धुतली की सांधा सगळं कबूल करतो:
बुडबुडा, राखेचा कण, केसाएवढी चीर,
जिच्यातून एखाद्या दुपारी गॅस निसटला असता
आणि अख्खी पाळी भाजली असती.
कोण वाचलं ते कुणाला कळत नाही.
मीही सही करतो आणि चहा पितो.

शिवदासननी शिकवलं मला.
"तीनच गोष्टी. वेळ, अंतर, आडोसा."
बोटांवर मोजून दाखवायचे,
आणि तिसरं बोट पेरापर्यंतच होतं.
एका घाईच्या रात्री दाणा डबीत परतला नव्हता,
मीटरचे सेल संपलेले,
त्यांनी नळी हातानं गुंडाळली.
त्या दिवशी काही नाही. पुढचा आठवडाही काही नाही.
मग फोड.
"भाजलं तेव्हा कळलंच नाही रे," म्हणायचे,
"विस्तव असा कधी वागतो का?"

हर्षलाच्या गळ्यातली गाठ काढली
तेव्हा डॉक्टर म्हणाले, उरलंसुरलं आयोडीन बघेल.
त्याआधी दोन आठवडे मीठ बदललं, म्हावरं बंद.
सासूबाईंनी करंज्याहून आणलेल्या सुक्या बोंबलांकडे ती
गावाला निघालेल्या माणसाकडे बघावं तशी बघायची.

खारघरच्या त्या खोलीत
एका मुलीनं शिशाच्या डब्यातून कॅप्सूल आणली,
लांब चिमट्यानं पुढे केली, आणि दार लावून घेतलं.
हर्षलानं गिळली.
आता दाणा तिच्या आत,
आणि दोरीच्या अलीकडे मी.

बारा वर्षं ज्याच्यापासून लांब पळालो
त्यालाच काचेमागून सांगत होतो:
जा, शोध,
कानाकोपऱ्यात बघ, एकही पेशी सोडू नकोस.

फोनवर म्हणाली, लिंबाच्या गोळ्या देतात,
लाळ आटू नये म्हणून.
"आणि माझं मूतसुद्धा टाकीत जपून ठेवतात,
सोन्यासारखं."
हसली. मग बराच वेळ
नुसता पंख्याचा आवाज.

चौथ्या दिवशी तिला एक मीटरवर उभं करून मोजलं.
मीटर ओळखीचा, आमच्याच कंपनीचा.
आठ दिवसांनी निम्मं, सोळांनी चौथाई,
शिवाय शरीर टाकेल ते वेगळं.
हे गणित मला येतं. याच्यावरच पोट आहे माझं.
पण कामोठ्याच्या दीड खोलीत अंतर कुठून आणायचं
ते कुठल्या तक्त्यात नाही.
वेगळं ताट, वेगळी चादर.
दुर्वा आत्याकडे.

एका संध्याकाळी आत्या तिला सोसायटीच्या आवारात घेऊन आली.
तिसऱ्या मजल्यावर गॅलरीत आई, खाली लेक.
"आई, दिवा बंद कर ना."
हर्षलानं केला.
पोरगी मान वर करून बघत राहिली,
मागे डोंगर काळा होईपर्यंत.
"दिसते का गं काही?"
"नाही," दुर्वा ओरडली,
"साधीच आहेस तू!"

माझा बॅज सदऱ्याला लावलेला
त्याच खोलीत खुंटीवर राहिला, तीन रात्री.
चूक माझीच. बॅज कामावर ठेवून यायचा असतो.
तिमाही अहवालात आकडा जास्त आला.
साहेबांनी कागद पुढे सरकवला,
कारणासाठी एक रकाना, बोटभर रुंद.
साइट, तारीख, मशीन क्रमांक
सगळं आठवून पाहिलं.
मग लिहिलं:
दार उघडं होतं.